मदत हवी आहे: ससाणा ढाबळीतली कबुतरं नेतोय, उपाय सांगा

विजापूरवेस_गिरेबाज
सोलापूर. गच्चीवर ढाबळ आहे. ससाण्यानं नुसता वैताग आणलाय, रोज एक-दोन पक्षी कमी होतात. पोट भरलं तर कबुतराला हात लावणार नाही म्हणून कठड्यावर चिकनचे तुकडे ठेवले, त्याला तो शिवतही नाही. उलट कावळे आणि घारी जमल्या. हा नेमकं खातो काय आणि इथून घालवायचा कसा? पटकन सांगा. गुगलवरच्या लिंका नकोत.

माळरान
ससाणा म्हणजे कोणता? आकार, डोळ्यांचा रंग, शेपूट, पंखांची टोकं कशी आहेत? किती वाजता येतो? आणि मेलेल्या कबुतराचं मागं काय उरतं? यातलं काहीच लिहिलेलं नाही, उपाय कशावर सांगायचा?

जुगाडू_सोलापूरकर
जुन्या सीड्या दोऱ्याला बांधून टांगा. कठड्यावर प्लास्टिकचं घुबड ठेवा. विषय संपला.

कठडा
@जुगाडू, विषय चार दिवसांत परत सुरू होतो. एका जागी टांगलेली चकचकीत वस्तू आपल्याला काही करत नाही हे शिकारी पक्ष्याला लवकर कळतं. घुबड तर रोज जागा बदलून ठेवलं तरच थोडा उपयोग. आणि सीड्यांना आधी कबुतरंच बिचकतात, ढाबळीत उतरायला तयार होत नाहीत.

विजापूरवेस_गिरेबाज
राखाडी आहे, छातीवर बारीक तांबूस पट्टे, डोळे लालभडक. कबुतराहून थोडा लहानच. शेजारच्या कडुनिंबात लपून बसतो. मोठ्यानं ओरडतो पण. आता उपाय सांगा की.

माळरान
मग हा शिक्रा, म्हणजे झाडात दबा धरणारा लहान शिकारी पक्षी, आणि डोळे गडद लाल म्हणजे बहुतेक प्रौढ नर. मादीचे डोळे पिवळ्या-नारिंगीकडं झुकतात आणि ती नराहून मोठी असते. ओरडण्यावर जाऊ नका, कोतवाल पक्षी शिक्र्याची हुबेहूब नक्कल करतो.

आता हिशोब बघा. नर शिक्रा साधारण शंभर ते दीडशे ग्रॅमचा. एवढ्या लहान शिकारी पक्ष्याला दिवसाला वजनाच्या पाव हिश्शाच्या आसपास मांस पुरतं, म्हणजे तीस-चाळीस ग्रॅम. तुमचं एक कबूतर तीनशे ग्रॅमच्या वर. ते उचलून नेणं त्याच्या आवाक्यातलं नाही. त्याचं रोजचं जेवण सरडे, पाली, नाकतोडे, टोळ, उंदराची आणि खारीची पिल्लं, चिमणीएवढे पक्षी. संध्याकाळी वटवाघळांवरही झडप घालतो. मादी होला पक्षी मारते, कबुतराचं नुकतं बाहेर पडलेलं पिल्लूही मारेल. पण रोज दोन मोठी कबुतरं? शक्य नाही.

चिकन का खात नाही, तर त्याची शिकार हालचालीवर चालते. झाडात दबा धरायचा, छोटी वेगवान झेप, पंजाची पकड. कठड्यावर निपचित पडलेला तुकडा त्याच्या लेखी अन्नच नाही. मेलेलं आयतं खाते ती घार. तुकडे ठेवणं आजच बंद करा, नाहीतर घारी ढाबळीभोवती कायमच्या फिरू लागतील.

उंच_टाकी
असहमत. जानेवारी चालू आहे. हिवाळ्यात बहिरी ससाणे उत्तरेकडून इकडं येतात, मोबाइल टॉवर नाहीतर पाण्याच्या उंच टाकीवर बसतात आणि कबूतर हे त्यांचं आवडतं खाद्य. मोठी कबुतरं जात असतील तर बहिरीच.

माळरान
लाल डोळा आणि कडुनिंब हे वर लिहिलंय. बहिरीचा डोळा काळा, गालावर काळी मिशी, पंख टोकदार. तो झाडाच्या पानांत लपत नाही, उघड्या उंचीवरून सूर मारून उडत्या थव्यातला पक्षी हवेतच धरतो.

उंच_टाकी
दिसला तो शिक्रा असेल. नेतो तो दुसरा असू शकतो ना? तेच म्हणतोय.

माळरान
हे मान्य. म्हणूनच उरलेलं काय ते विचारतोय, दुसऱ्यांदा.

विजापूरवेस_गिरेबाज
पाण्याच्या टाकीमागं पिसांचा ढीग असतो. कधी नुसतेच पंख. कधी काहीच नाही. पिल्लंही जातात, अंडीही जातात, त्याचा इथं काय संबंध?

कठडा
सगळा संबंध तिथंच आहे! शिक्रा अंड्यांच्या वाटेला सहसा जात नाही, आणि रात्री तर शिकारच करत नाही. अंडी आणि खोप्यातली पिल्लं रात्रीत गायब म्हणजे घूस, उंदीर, मांजर नाहीतर उदमांजर. मुंगूसही असू शकेल, पण ते दिवसा येतं.

पिसं उचलून देठ बघा. शिकारी पक्षी पिसं एकेक उपटतो, त्यामुळं देठ टोकापर्यंत अख्खा असतो, फार तर चोचीच्या चिमट्याची एखादी खूण. मांजर-मुंगूस दातानं कुरतडतं. मग देठ मधेच तुटलेला, पिसांचे झुबके लाळेनं चिकटलेले. छातीचं मधलं हाड सापडलं तर त्याच्या धारेवर त्रिकोणी खाचा शोधा, त्या चोचीच्या. दोन्ही पंख खांद्याच्या हाडांनी जोडलेले तसेच आणि छाती स्वच्छ कोरलेली असेल तर उंच_टाकी म्हणतात तो बहिरी.

विष्ठाही बघा. शिक्रा मागं पिचकारी मारतो, बसायच्या जागेपासून लांबवर पांढरा पट्टा दिसतो. बहिरी आणि घुबड यांची सरळ खाली पडते.

नान्नज_फेरी
अवांतर: कडुनिंबाखाली गोळ्या सापडल्या तर जपून ठेवा. पिसं, केस, किड्यांची कवचं पचत नाहीत, ती गोळी करून पक्षी तोंडावाटे टाकतो. दिवसा शिकार करणाऱ्यांचं जठर जास्त आम्लधर्मी, हाडं बरीचशी विरघळतात, म्हणून गोळीत केस-पिसंच जास्त. घुबडाच्या गोळीत उंदराची अख्खी कवटी निघते. सोलापूरजवळच्या नान्नजच्या माळावर कापशी, तिसा, हिवाळी भोवत्या असे बरेच शिकारी पक्षी एकाच गवतावर जगतात आणि ताट वेगवेगळं. कापशी हवेत एका जागी फडफडत थांबून उंदीर हेरते, भोवत्या गवतालगत तरंगत टोळ आणि लहान पक्षी उचलतात, तिसा बाभळीवर बसून सरडे-किडे टिपतो.

विजापूरवेस_गिरेबाज
माझ्या गच्चीवर गवत नाही.

एक_घाव
एवढी चर्चा कशाला? एका कबुतराला औषध लावून सोडा.

कठडा
@एक_घाव, वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२. शिक्रा, घार, बहिरी सगळे त्यात संरक्षित आहेत. विष, जाळं, गलोल, चिकट सापळा, काहीही केलं तरी गुन्हा. शिवाय ते कबूतर शेजाऱ्याच्या मांजरानं खाल्लं तर पुढचं तुम्हीच निस्तरा. संपादकांनी हा प्रतिसाद उडवावा.

पक्षीमित्र_आजी
संक्रांतीचा मांजा अजून झाडांत लटकतोय, म्हणून लिहून ठेवते. जखमी शिक्रा मिळाला तर दूध, भात, पाव, शिजवलेलं किंवा मिठाचं मांस काही देऊ नये. पुठ्ठ्याच्या खोक्याला भोकं पाडून, आत जुनं सुती कापड घालून अंधारात, उबेत ठेवावा. चोचीत पाणी ओतू नये, श्वासनळीत जातं. अंग गार असताना खायला घातलं तर पचत नाही, आधी ऊब. वन विभागाच्या १९२६ या क्रमांकावर फोन करावा. माणूस यायला फारच उशीर झाला तर चण्याएवढे कच्च्या मांसाचे तुकडे पाण्यात भिजवून चिमट्यानं द्यावेत. नुसत्या बोनलेसवर जास्त दिवस ठेवलं तर कॅल्शियम कमी पडून हाडं ठिसूळ होतात. कबुतराचं मांस द्यायचं तर डोकं आणि गळ्याखालची दाण्याची पिशवी काढून टाकावी, घशातल्या पिवळ्या चट्ट्यांचा रोग तिथूनच लागतो.

उंच_टाकी
आजी, जखमी शिक्र्याचं कुणी विचारलंच नाही. पण शेवटचं वाक्य ढाबळवाल्यांनीही वाचावं.

विजापूरवेस_गिरेबाज
देठ बघितले. टाकीमागचे अख्खे आहेत. ढाबळीच्या आतले कुरतडलेले, ओलसर. म्हणजे दोघं आहेत?

माळरान
निदान दोन. ढाबळीला जाळी कोणती? फळी जमिनीपासून किती उंच? दार कधी लावता? टाकीमागं पिसं छोटी की मोठी?

विजापूरवेस_गिरेबाज
एक इंची कोंबडीजाळी. दार अंधार पडल्यावर. पिसं छोटी, अजून पिवळे केस चिकटलेली.

माळरान
पिवळे केस म्हणजे नुकती बाहेर पडलेली पिल्लं, ती शिक्रा घेतोय. कुरतडलेलं रात्रीचं काम. एक इंचातून उंदीर आरामात येतो आणि मांजर ती जाळी वाकवतं. अर्धा इंची वेल्डमेश (वेल्डिंग केलेली ताठ जाळी) लावा, सोळा किंवा अठरा गेज, खाली फरशीला सिमेंटमध्ये दाबून. बसायच्या दांड्या जाळीपासून निदान एक वीत आत घ्या, नाहीतर बाहेरून पंजा घालून पाय ओढला जातो. दार सूर्य मावळायच्या आधी बंद. नवी पिल्लं पंखात भरेपर्यंत उघड्यावर सोडू नका, जाळीच्या पिंजऱ्यातच उन्हाला बसवा.

उडवायचं तर सकाळी लवकर आणि ऊन उतरताना टाळा, शिक्र्याची शिकारीची वेळ ती. रोज ठरलेल्या वेळी उडवलंत तर तोही वेळ शिकतो.

कठडा
आणि उपाशी उडवा, दाणा उतरल्यावर. पोट भरलेलं कबूतर कठड्यावर रेंगाळतं. वरून बारीक नायलॉनचं जाळं मात्र ताणू नका, शिक्रा अडकून मेला तर भलतंच प्रकरण होईल.

उंच_टाकी
दुपारी उडवलं तर बहिरीचं काय? तो दुपारीही मारतो.

माळरान
बहिरी आहे हे आधी दाखवा. जोडलेले पंख, कोरलेली छाती, फोटो, काहीतरी.

विजापूरवेस_गिरेबाज
वेल्डमेश आणायला निघालो. सोळा की अठरा, एकच सांगा.

कठडा
मांजर असेल तर सोळा, तिची तार जाड.

जुगाडू_सोलापूरकर
गिरेबाज कबुतरांची जोडी विकायची आहे का? व्यक्तिगत निरोप करा.