एका युनिव्हर्सल पान्यावर घरची गाडी दुरुस्त होते का?

वॅगनआरवाला: मंडळी, गाडी जुनी वॅगनआर, वॉरंटी कधीच संपली, म्हणून बॅटरी, एअर फिल्टर, ऑइल घरीच करायचं ठरवलंय. दुकानात 7 ते 19 एमएमपर्यंत सगळ्या नटांना बसणारी, आत पिना असलेली युनिव्हर्सल गोटी (नटावर टोपीसारखी बसते ती, सॉकेट) बघितली. ती आणि एक दहा इंची स्क्रू पाना (जबडा कमीजास्त करता येतो तो), एवढ्यात भागेल असं माझं मत. ढीगभर पाने घेऊन घरी ठेवायचे कुठे?

सासवडकर: नाही भागत हो. मी नेमकं हेच करून बसलोय. बॅटरीच्या क्लॅम्पचा 10 चा बोल्ट पावसाळ्यात गंजलेला, स्क्रू पाना लावला, जबडा किंचित सैल राहिला आणि दुसऱ्या हिसक्याला बोल्ट गोल! मग कानशीने दोन बाजू सपाट करून व्हाइसग्रिपने, म्हणजे लॉक होणाऱ्या पकडीने, धरून काढला, अख्खी दुपार गेली त्यात. स्क्रू पाना दोनच बाजू पकडतो, सहा कोनी गोटी सहाही बाजूंना बसते, जोर वाटला जातो.

घाटवाट: यात पान्याचा काय दोष? स्क्रू पान्याला दिशा असते. जोर पक्क्या जबड्यावर आला पाहिजे, हलत्या जबड्यावर नाही, आणि नटावर बसवल्यावर स्क्रू परत आवळायचा, हे कोणी करतच नाही. माळशेजला भर पावसात माझ्या बॅटरीचं टर्मिनल सैल होऊन गाडी बंद पडली, डिकीत हा एकच पाना होता, दोन मिनिटांत निघालो.

ग्रीसचे हात: घाटातली अडचण वेगळी आणि घरी निवांत केलेलं काम वेगळं दादा. त्या पिनांच्या गोटीची भिंत जाड असते, अलॉय व्हीलच्या खोलगट भोकात ती जातच नाही, आणि व्हील नट असले की पिना वाकतात. हलके बोल्ट काढेल ती, नाही म्हणत नाही. पण ब्रेक पाइपच्या नटाला स्क्रू पाना लावू नका म्हणजे नकाच, तिथे फ्लेअर नट पानाच (पाइपवरून सरकवून नटाला जवळपास सगळीकडून धरतो तो) पाहिजे. एकदा कोपरे गेले की पाइपच बदलावा लागतो.

वॅगनआरवाला: मग नेमकं काय घेऊ? शंभर पाने नकोत मला.

ग्रीसचे हात: शंभर कोण म्हणतंय! मारुतीत बहुतेक काम 10, 12, 14 वर होतं, वर 8, 17 आणि व्हील नटसाठी 19. सहा कोनी गोट्या, एक रॅचेट (गोटी फिरवायचा दांडा), एक एक्स्टेन्शन (लांबी वाढवायची कांडी). मुंबईत असाल तर नागदेवी स्ट्रीटवर सुट्या मिळतात, आपल्या नाशिकच्या टपारियाच्या घ्या, पिढ्यान्‌पिढ्या चालतात.

घाटवाट: गोट्यांचं पटलं, पण स्क्रू पाना डिकीतून काढू नका, माझं मत तेच आहे. आणि बॅटरी काढताना आधी निगेटिव्ह सोडा. पॉझिटिव्हवरचा पाना बॉडीला टेकला की अशी ठिणगी उडते की पान्यावर खड्डा पडतो, मी बघितलंय.