पीट वॉकर नुसता गल्लाभरू होता का?

केवडा: ब्रिटिश भयपट म्हटलं की हॅमर कंपनीच्या पुढे कोणी जात नाही. दिग्दर्शक पीट वॉकरला सगळे गल्लाभरू म्हणून मोडीत काढतात, ते मला साफ अमान्य आहे. हो, त्यानं १९६० च्या दशकात उघड्या मुलींच्या छोट्या फिल्मा आणि चावट विनोदी चित्रपट काढले. पण १९७४ मध्ये त्याचे 'हाउस ऑफ व्हिपकॉर्ड' आणि 'फ्राइटमेअर' आले. दोन्हींची पटकथा डेव्हिड मॅकगिलिव्हरेची.

यातले राक्षस कोण? वडीलधारी माणसं! 'व्हिपकॉर्ड'मध्ये आंधळा, भ्रमिष्ट झालेला न्यायाधीश खाजगी तुरुंग चालवतो. कायद्यानं किरकोळ शिक्षेवर सोडलेल्या मुली तिथे कोंडायच्या. पहिल्या चुकीला अंधारकोठडी, दुसरीला चाबूक, तिसरीला फाशी. खुनासाठीची फाशी ब्रिटनमध्ये १९६९ मध्येच कायमची रद्द झाली होती आणि ती परत आणा म्हणणारे गप्प बसले नव्हते. चित्रपट चक्क त्यांनाच अर्पण केलाय. वॉकरच्याच 'हाउस ऑफ मॉर्टल सिन'मधला पाद्री तर पापाची कबुली टेप करून मुलीला धमकावतो.

उंबरठा: अर्पणपत्रिका उपरोधिक आहे, कबूल. पण तिकीट कशावर विकलं? नावातच चाबूक आहे. फटके मारणाऱ्याचा निषेध करायचा आणि फटके खाणाऱ्या मुलीचे कपडे उतरवून कॅमेरा तिथेच ठेवायचा, हे मला पटत नाही. सनातन्यांना झोडपण्याचं श्रेय देताना प्रेक्षकाला काय चाखायला दिलं तेही मोजा.

केवडा: 'व्हिपकॉर्ड'पुरतं हे मान्य करते. 'फ्राइटमेअर'चं काय? तिथे अंगप्रदर्शन जवळपास नाहीच. वेड्यांच्या इस्पितळातून 'बरी झाली' म्हणून सोडलेली डोरोथी शेतघरात एकाकी माणसांना टॅरो पत्त्यांवरून भविष्य सांगते आणि मारून खाते. नवऱ्याला सगळं ठाऊक असतं, तरी तो प्रेमापोटी तिला पाठीशी घालतो. ही भूमिका करणारी शीला कीथ तेव्हा पन्नाशी ओलांडलेली होती. त्या काळच्या स्वस्त भयपटांत या वयाच्या बाईला अख्खा चित्रपट कोण देत होतं?

उंबरठा: शीला कीथबद्दल वाद नाही, बाई भयंकर ताकदीची. पण ते यश तिचं आणि मॅकगिलिव्हरेचं. वॉकरचा शेवटचा 'हाउस ऑफ द लाँग शॅडोज' (१९८३) पाहा. व्हिन्सेंट प्राइस, क्रिस्टोफर ली, पीटर कुशिंग, जॉन कॅराडीन, भयपटांतले चौघे दिग्गज नट एका घरात, आणि तरी भीती नावाला नाही. एवढी माणसं हाताशी असून हे?

आडवाट: मला कारण उलट दिसतं. आधीचे चित्रपट त्यानं स्वतःच्या पैशानं काढले, त्यामुळे प्रत्येक आगाऊपणा त्याचा स्वतःचा होता. शेवटचा कॅनन या चित्रपट कंपनीसाठी, जुन्या पद्धतीचा, कोणाला न दुखावणारा. न्यायाधीश नाही, पाद्री नाही, चिडायला कोणी उरलंच नाही. नंतर तो दिग्दर्शन सोडून चित्रपटगृहांच्या धंद्यात गेला. उंबरठा, कपडे उतरवण्याचा तुमचा मुद्दा मात्र खोडता येत नाही. केवडा, त्याला उत्तर म्हणून 'फ्राइटमेअर' पुढे करणं ही पळवाट आहे.