मिल्टन गोन्साल्विस यांना ‘दुय्यम’ म्हणण्याविषयी

(एका लेखाखालील चर्चा; आडपडदा, हवालदार आणि मांडवीकाठ ही वाचकांची टोपणनावे.)

आडपडदा : ब्राझिलियन चित्रपटांवरील कालच्या लेखात नट मिल्टन गोन्साल्विस यांची बोळवण ‘दुसऱ्यांच्या चित्रपटांत आयुष्य घालवलेला दुय्यम नट’ या शब्दांत केलेली वाचली आणि मन अतिशय विषण्ण झाले. 1933 साली मिनास जेराइस प्रांतात जन्मलेला, छापखान्यात काम केलेला हा कृष्णवर्णीय माणूस साओ पाउलोच्या ‘तेआत्रो दे अरेना’ या नाट्यसंस्थेत घडला. ‘आ राइन्या दियाबा’मध्ये (1974) वेश्यागृहाच्या मागच्या खोलीतून अमली पदार्थांचा धंदा चालवणारी, नटवी आणि तितकीच क्रूर दियाबा (समलिंगी पुरुष टोळीप्रमुख) त्यांनी उभी केली. त्याच माणसाने 1981 साली ‘एलेस नाऊं उझाम ब्लॅक-टाय’मध्ये संपकरी कामगार ब्राउलियो इतक्या शांतपणे साकारला, की दोन्ही चेहरे एकाच नटाचे आहेत यावर विश्वास बसत नाही.

मूळ लेखक : मी ‘दुय्यम’ म्हणालो ते अभिनयाला उद्देशून नव्हे, तर त्यांना दिल्या गेलेल्या जागेला उद्देशून. दियाबासारखी भूमिका पेलून दाखवणाऱ्या नटाला पुढे बहुतेक वेळा पोलीस, कैदी आणि मित्रच मिळाले. ‘किस ऑफ द स्पायडर वुमन’मध्येही (1985) ते पोलीसच आहेत. यावर आपण हळहळायचे नाही, तर काय करायचे?

हवालदार : मी गावच्या हौशी नाट्यसंस्थेत बावीस वर्षे हवालदार आणि नोकर केले. नाटक बसवणाऱ्या गृहस्थांनी मला एकदाही दुसऱ्या भूमिकेसाठी वाचायला लावले नाही. म्हणून सांगतो, लहान भूमिकेचे गोडवे गाणाऱ्यांनी ती एकदा वाट्याला घेऊन पाहावी.

आडपडदा : आपले दुःख खरे आहे, परंतु ब्राउलियोकडे पुन्हा पाहा. कारखान्याच्या दारात पोलिसांची गोळी लागून तो मरतो आणि त्यानंतर पती-पत्नी झालेले ग्वार्निएरी व फर्नांदा मोंतेनेग्रो समोरासमोर बसून मुकाट्याने घेवड्याच्या बिया निवडतात. त्या शांततेचे सारे वजन, पडद्यावर नसलेल्या माणसाचे आहे. प्रेक्षकाला त्या माणसाचा लळा आधीच लागलेला नसता, तर ते केवळ धान्य निवडणे ठरले असते.

मांडवीकाठ : सर्वजण चित्रपटांवरच का अडले आहात? ब्राझीलने त्यांना घराघरांत ओळखले ते टेलिनोव्हेलांमुळे, म्हणजे दूरचित्रवाणी मालिकांमुळे. मालिका म्हटले, की आपल्याकडील रसिक नाक मुरडतात, याची मला फार चीड येते. ‘ओ बेम-आमादो’मधला (1973) उडण्याचे स्वप्न पाहणारा झेलांव विसरलात का? त्यांनी लेखिका जानेते क्लेर यांच्याकडे टाय लावणाऱ्या सुशिक्षित माणसाची भूमिका मागितली आणि 1975 च्या ‘पेकादो कापिताल’मध्ये ते मनोविकारतज्ज्ञ झाले.

मूळ लेखक : म्हणजे टाय लावण्यासाठी एवढ्या मोठ्या नटाला विनंती करावी लागली! आपण माझाच मुद्दा सिद्ध करत आहात.

मांडवीकाठ : मुळीच नाही. मागून मिळवणे ही हार कशी? पुढच्याच वर्षी ‘एस्क्रावा इझाउरा’च्या दिग्दर्शनात त्यांचा वाटा होता.

मूळ लेखक : गुलामगिरीवरच्या त्या मालिकेची नायिका गोरी अभिनेत्री होती, हेही सांगा. कॅमेऱ्यामागे कृष्णवर्णीय दिग्दर्शक आणि कॅमेऱ्यासमोर गोरी गुलाम, हे दृश्य आपल्याला खटकत नाही?

मांडवीकाठ : खटकते. मात्र कथा मूळ कादंबरीतच तशी आहे आणि त्याचा दोष त्यांच्या माथी मारणे अन्यायाचे आहे. आवाज चढवून आपण बाजू बदलत आहात.

मूळ लेखक : दोष मी त्यांना दिलाच नाही, कृपया माझ्या तोंडी शब्द घालू नका.

हवालदार : मी काल रात्री ‘आ राइन्या दियाबा’ पाहिला. माझा राग गेलेला नाही, आणि भूमिका कोण वाटतो हा प्रश्नही मी सोडणार नाही. परंतु दियाबा पडद्यावर असताना मला दुसऱ्या कोणाकडे पाहता आले नाही, एवढे मान्य करतो.

मूळ लेखक : लेखातील ‘दुय्यम नट’ हे शब्द काढून ‘दुय्यम जागी बसवलेला नट’ असे करतो. त्याहून अधिक बदल करणार नाही.

आडपडदा : ‘बसवलेला’ला माझी हरकत आहे, पण ‘दुय्यम नट’पेक्षा ते बरे.