समुद्राजवळच्या घराला फायबर सिमेंट चालेल का? छप्पर आणि पश्चिमेची भिंत दोन्हींसाठी विचारतोय

माडवाला_गुहागर
नमस्कार मंडळी. घर गुहागरला, समुद्र चालत पाच मिनिटांवर. जुनं चिऱ्याचं घर, वर मंगलोरी कौलं. शाकारणीला (कौलं उतरवून पुन्हा नीट लावायला) माणसं मिळेनाशी झालीत आणि मिळतात तेव्हा पाऊस तोंडावर आलेला असतो, त्यात वानरांनी कौलं फोडायचा सपाटा लावलाय, मागच्या जुलैत आईच्या अंथरुणावर गळायला लागलं आणि रात्रभर टोपं मांडून बसलो. पडवीचा जीआय पत्रा तर बोल्टांभोवती गंजून चाळण झालाय. पश्चिमेच्या भिंतीला झड लागते ती आतपर्यंत झिरपते, श्रावणात आतून बुरशी. एकजण म्हणतोय वर फायबर सिमेंटचे पत्रे घाला आणि भिंतीला त्याचेच पॅनल मारा. म्हणजे जुने सिमेंटचे पत्रेच ना? त्यात अ‍ॅस्बेस्टॉस असतं म्हणतात. आणि वासे आहेत तेच ठेवता येतील का?

साईटवाला_चिपळूण
दिसायला सारखेच म्हणून गोंधळ होतो. जुन्या पत्र्यात सिमेंटसोबत अ‍ॅस्बेस्टॉसचे तंतू असतात, नव्यात त्याजागी लाकडाच्या लगद्याचे नाहीतर सिंथेटिक तंतू. पण आपल्याकडे अ‍ॅस्बेस्टॉसचे पत्रे अजून राजरोस विकले जातात (युरोपीय संघात २००५ पासून बंदी आहे), त्यामुळे नुसतं 'सिमेंट पत्रा द्या' म्हणालात तर तेच गळ्यात पडतील. शिक्का वाचा. आयएस (भारतीय मानक) ४५९ असेल तर अ‍ॅस्बेस्टॉसवाला, घेऊ नका. १४८७१ बघा आणि तरीही बिलावर 'नॉन-अ‍ॅस्बेस्टॉस' लिहून घ्याच.

आणि एक, गोठ्यावर वगैरे जुने पत्रे असतील तर ते फोडून अंगणात भर घालू नका हो, आमच्याकडे सर्रास करतात. पाणी मारून ओले करायचे, बोल्ट सोडवून अख्खे उतरवायचे. ती धूळ फुफ्फुसात गेली की त्रास वीस-तीस वर्षांनी दिसतो, तोवर उशीर झालेला असतो.

श्रीवर्धनची_सून
३ जून २०२० ला निसर्ग चक्रीवादळ आलं तेव्हा आमची कौलं उडाली आणि माड पडवीवर आडवा झाला. मग फायबर सिमेंट घातलं. खाऱ्या हवेने पत्र्याला आजवर काही झालेलं नाही, शेवाळ धरतं तेवढंच, आणि पावसाचा आवाज लोखंडी पत्र्यापेक्षा पुष्कळ कमी. पण पहिल्याच पावसात गळलं! मी शिडी लावून बघितलं तर बोल्टापासून केसाएवढी चीर निघून थेट कडेपर्यंत गेलेली. फिटरने भोकं ड्रिलने न पाडता ठोकून पाडलेली आणि बोल्ट गच्च आवळलेले, सिमेंटला हलायला जागाच नाही. अकरा पत्रे बदलावे लागले, फार जीव तळमळला.

तेव्हा ड्रिलच वापरा, भोक बोल्टापेक्षा एक सूत (इंचाचा आठवा भाग) मोठं, आणि ते पन्हाळीच्या उंचवट्यावर, खोलगटात नाही. वॉशर नुसता बसेल इतपतच आवळायचं. चार पत्रे जिथे एकत्र येतात तिथे मधल्या दोघांचे कोपरे तिरके छाटायचे नाहीतर थर चढून फटी राहतात. वर चढायचं तर फळी टाकून, पत्र्यावर थेट पाय नाही, हे घरच्या पोरांनाही सांगून ठेवा. नारळ पडला तर फुटतो हेही खरं, छपरावर झुकलेले माड मे महिन्यात उतरवून घ्या.

भिंतवाली_आर्किटेक्ट
भिंतीबद्दल कळकळीने सांगते, पॅनल चिऱ्याला चिकटवून मारू नका. चिरा पाणी पितो आणि वारं लागलं की सुकतो, वरून झाकून टाकलात तर ओल आतल्या अंगाने बाहेर पडेल. आधी चौकट, मग पॅनल, मागे इंचभर पोकळी, खाली-वर उघडी आणि तिथे जाळी. झडीचं पाणी आत गेलंच तर मागून ओघळून खाली जातं. स्क्रू एसएस ३१६ (स्टेनलेस स्टील) चे घ्या, साधे तुमच्याकडे टिकणार नाहीत. कापलेली प्रत्येक कड बसवण्याआधी सीलरने रंगवा, पाणी कडेतूनच शिरतं आणि पापुद्रे सुटतात. खालची कड ओट्यापासून वीतभर वर. कापताना पाणी मारा आणि मास्क लावा, अ‍ॅस्बेस्टॉस नसलं तरी सिलिकाची धूळ असतेच.

माडवाला_गुहागर
ताई, दादा, खूप आभार. गोठ्यावर जुने पत्रे आहेतच, बरं झालं बोललात. वाशांचं तेवढं सांगा.

साईटवाला_चिपळूण
वासे वाळवीने पोखरले नसतील तर वजनाची चिंता नाही, कौलं चौरस मीटरला चाळीसेक किलो भरतात, पत्रा पंधरा-सोळा. पण हलकं छप्पर वारा उचलतो, म्हणून वासे भिंतीला पट्टीने जखडून घ्या. रिपांवर (कौलांखालच्या बारीक पट्ट्यांवर) पत्रा बसवू नका, आडवे जाड बार टाका, ६ एमएमच्या पत्र्याला दोन बारांत १.४ मीटरपेक्षा जास्त अंतर नको. वरचा पत्रा खालच्यावर निदान सहा इंच चढवा. आढं (छपराचा माथा) उत्तर-दक्षिण असेल तर उत्तरेच्या टोकाकडून सुरुवात करून दक्षिणेकडे या, म्हणजे नैऋत्येचा वारा जोडात शिरत नाही. आमचे बरेच फिटर जिथे शिडी लागेल तिथून सुरू करतात, पहिल्या दिवशी सकाळी स्वतः उभे राहा.