नैनसिंग 'हेर', 'जासूद' की नुसतेच 'पंडित'?

भाषांतरातली_कावळी: एका दिवाळी अंकासाठी नैनसिंग रावत यांच्यावरचा इंग्रजी लेख मराठीत आणतेय. कुमाऊँमधल्या मिलम गावचे हे मास्तर. १८६५ साली व्यापाऱ्याच्या वेशात नेपाळमार्गे तिबेटात शिरले आणि १८६६च्या जानेवारीत ल्हासाला पोचले. प्रत्येक पाऊल मोजून टाकायचं, शंभर पावलं झाली की माळेतला एक मणी ओढायचा. माळही १०८ची नव्हे, १०० मण्यांची. प्रार्थनाचक्राच्या पोटात मंत्राच्या जागी मोजमापांच्या चिठ्ठ्या. इंग्रजांच्या सर्वेक्षण खात्याने तयार करून धाडलेल्या अशा माणसांना इंग्रजीत सरसकट 'पंडित' म्हणतात. मी तोच शब्द ठेवला होता. संपादकांनी त्याचं 'गुप्तहेर' केलं. "गुप्तहेर नैनसिंग माळ ओढत चालले होते" ही एसटी स्टँडवरची रहस्यकथा वाटते. दुसरं काय लिहू?

पेठेतला_एक: 'हेर' लिहा. 'गुप्तहेर' म्हणजे पिवळा पीतांबर. उघड हेर कुणी पाहिलाय? शिवाय 'हेरणे' अजून जिवंत आहे. आमची आई मंडईत चार गाळे आधीच कोवळी भेंडी हेरते. नैनसिंगांनीही तेच केलं, वाट हेरली.

दफ्तरी: 'जासूद' का नको? बखरीत बहिर्जी नाईक जासूदच आहेत.

कोथरूड_डेपो: दफ्तरीकाका, थांबा. पेशवाईतल्या पत्रांत जासूद म्हणजे बहुतेक वेळा टपाल नेणारा. 'जासूदजोडी' रवाना करायचे, वाटेत एक आजारी पडला किंवा मारला गेला तर दुसरा पत्र पोचवेल म्हणून. मोडीच्या वर्गात मी जासुदाचा अर्थ 'हेर' लावला, तेव्हा सरांनी चष्म्यावरून पाहत विचारलं, "मग आंबे हेराच्या हाती पाठवलेत होय?" हिंदी सिनेमातल्या 'जासूस'मुळे आपल्या जासुदाला फुकट बढती मिळाली आहे.

दफ्तरी: आंबे नेणारा डोळे मिटून चालतो काय? छावणीत घोडे किती, दाणावैरण किती, हे तो परत आल्यावर सांगणारच. तेव्हा ही दोन कामं वेगळी नव्हती, म्हणून शब्दही वेगळा नव्हता.

स्वभाषाभिमानी: अरबीतून आलेल्या शब्दासाठी एवढं भांडण! महाराजांनी फारसी-अरबी शब्दांना संस्कृत पर्याय देणारा राजव्यवहारकोश कशासाठी करवून घेतला? कौटिल्याचा 'गूढपुरुष', म्हणजे हेर, घ्या. त्याच्या प्रकारांत 'वैदेहक' म्हणजे व्यापाऱ्याच्या वेशातला, 'तापस' म्हणजे तपस्व्याच्या वेशातला. नैनसिंगांना 'वैदेहक' चपखल आहे.

पेठेतला_एक: त्याच यादीत 'रसद' आहे, अर्थ विष घालणारा. उद्या "सियाचीनला रसद पोचली" असं छापून येईल तेव्हा कळवा.

संगमपुलाखालून: 'वकील' कसा विसरलात? तेव्हा परक्या दरबारातला वकील म्हणजे पागोटं घातलेला बातमीदार. १८०८मध्ये एल्फिन्स्टन कंपनीचा वकील म्हणून काबूलच्या दरबाराकडे निघाला, फ्रेंच त्या बाजूने हिंदुस्थानात उतरतील या धास्तीपोटी. काबूल काही त्याने पाहिलं नाही, १८०९मध्ये पेशावरलाच तिथला राजा शाह शुजा याची गाठ घेऊन परतला. तरी काबूलच्या राज्यावरचा त्याचा जाडजूड ग्रंथ १८१५ साली निघाला! तेव्हा हा गृहस्थ इथेच, पुण्यात आपल्या मुळा-मुठेच्या संगमावर रेसिडेंट, म्हणजे पेशव्यांच्या दरबारी कंपनीचा वकील होता. रोज संगमपुलावरून ऑफिसला जातो, सिग्नलला थांबलो की हटकून आठवण होते. १८१७च्या खडकीच्या लढाईत पेशव्यांच्या लोकांनी ती रेसिडेन्सी जाळली. त्याला मात्र कुणी हेर म्हणत नाही, 'मुत्सद्दी' म्हणतात. पायी चालणारा हेर आणि पालखीतला मुत्सद्दी.

कोथरूड_डेपो: हे पटलं. (पालखीचं सोडून. तो घोड्यावर बसणारा माणूस.)

भाषांतरातली_कावळी: सगळं छान, पण माझ्या 'पंडित'चं काय? ते मास्तर म्हणून पंडित. मराठीत वाचणाऱ्याला शाल-श्रीफळ आणि तानपुरा दिसतो. 'पंतोजी' केलं तर?

पेठेतला_एक: पंतोजी म्हटलं की छडी दिसते. 'हेर'च लिहा, मी पहिल्यांदाच सांगितलं होतं.

स्वभाषाभिमानी: पंतोजीतला 'जी' आपला नव्हे.

चिंचवडची_चिमणी: मध्येच विचारते. आमच्या शेजारच्या गुजराती काकू जासवंदीला 'जासूद' म्हणतात. याचा त्या जासुदाशी काही संबंध?

दफ्तरी: लाल पागोटं! जासुदाचं पागोटं लाल असणार, लांबून ओळखू यावा म्हणून.

कोथरूड_डेपो: लांबून ओळखू येणारा हेर? काका, आता तुम्हीच तो निरोप्या होता हे कबूल केलंत.

स्वभाषाभिमानी: काही पागोटं नाही. जासवंद संस्कृत 'जपा'वरून, जपाकुसुम.

चिंचवडची_चिमणी: मग जपमाळेतला जप आणि हा जपा एकच का?

भाषांतरातली_कावळी: संपादकांचा फोन येऊन गेला. उद्या दुपारी बारापर्यंत हवंय.

स्वभाषाभिमानी: एक नव्हे. जप हा 'जप्' धातूपासून. जपेसाठी अमरकोश, म्हणजे जुना संस्कृत शब्दकोश, पाहावा लागेल, रात्री लिहितो.