आरसीसी आणि बाहेरचं काम: मटेरियलसकट कंत्राट द्यावं, की मजुरीवर देऊन आपला इंजिनिअर ठेवावा?

विजापूर रोड (धागाकर्ता)

जुळे सोलापुरात प्लॉट आहे. तळमजला आणि वर एक मजला, स्वतः राहायला. नकाशा मंजूर झालाय. घरचे, मित्र, शेजारचे प्लॉटवाले सगळे एकच सांगतायत की चौरस फुटाचा दर ठरव, मटेरियलसकट कंत्राट दे आणि किल्ली हातात घे. मला ते पटत नाही.

पायापासून वरच्या स्लॅबपर्यंतचं आरसीसी (सळई घातलेल्या काँक्रीटचं) काम मजुरीवर द्यावं. सिमेंट, सळई, खडी आपण घ्यावी. तपासायला इंजिनिअर असा ठेवावा ज्याची फी आपण देतो, कंत्राटदार नाही. फरशी, दारं, रंग नंतर हवं तर कंत्राटात द्या, कारण फरशी वाकडी बसली तर दिसते आणि उखडता येते. फूटिंग (कॉलमखालचा पाया) कुठपर्यंत खोदलं, हे एकदा काँक्रीट पडलं की कोणालाच दिसत नाही.

आपल्याकडे तर खाली काळी माती. पावसाळ्यात फुगते, उन्हाळ्यात आकसून हात जाईल एवढ्या भेगा पडतात. पाया त्या थराच्या खाली, कडक मुरमात किंवा खडकातच टेकला पाहिजे. शेजारी 5 फुटांवर मुरूम लागला म्हणून आपल्याकडे तिथेच लागेल असं नाही. चौरस फुटाच्या दरात काम घेतलेल्या माणसाला प्रत्येक जादा फूट स्वतःच्या खिशातून खोदावा लागतो. तो चोर आहे असं मी म्हणत नाही. खोदाई थांबवायची कुठे हे ठरवणारा आणि ती थांबल्यावर ज्याचे पैसे वाचतात तो, एकच माणूस नसावा एवढंच म्हणतो. प्लिंथच्या (जोत्याच्या) भरावाचंही तेच. खोदलेली काळी माती तिथेच परत भरली की वाहतूक वाचते, आणि पुढे फरशी उचलली जाते ती मालकाची.

होटगी रोड

अजिबात सहमत नाही. मजुरीवर काम म्हणजे जबाबदारीचे तुकडे. स्लॅब गळला की मिस्त्री म्हणणार सिमेंट तुम्ही आणलं होतं, क्रश सँडमध्ये (दगड फोडून केलेल्या वाळूत) धूळ होती. दुकानदार म्हणणार मिस्त्रीनं पाणी जास्त घातलं. सेंटरिंगवाला (काँक्रीटचा साचा लावणारा) म्हणणार मी प्लेटा लावल्या, पुढचं मला विचारू नका. तुम्ही मध्ये उभे, आणि दाद मागायला एकही माणूस नाही.

शिवाय वेळ कोणाकडे आहे? खडीची गाडी दुपारी येणार, तेव्हा तुम्ही ऑफिसात. ब्रास (100 घनफुटांचं माप) मोजून घेणार कोण? सिमेंट पावसात भिजलं तर कोणाचं?

उपाय कागदात आहे. करारात लिहून घ्या: काँक्रीट एम 20 (ताकदीची प्रत) च्या खाली नाही, सळई एफई 500 डी प्रतीची, पोती कुठल्या महिन्याची चालतील तेसुद्धा. हप्ते टप्प्यावर. फूटिंग, प्लिंथ, स्लॅब, वीटकाम, बाहेरचं प्लास्टर. मागचा टप्पा पास झाल्याशिवाय पुढचा पैसा नाही. खोदाईचा तुमचा मुद्दा मात्र खरा आहे. त्यासाठी सगळं मजुरीवर न्यायची गरज नाही. पायाची खोदाई चौरस फुटाच्या दरातून बाहेर काढा आणि ब्रासवर मोजून द्या. मग जादा खोदायला कंत्राटदार कुरकुर करणार नाही.

निवृत्त अभियंता

दोघांचंही कराराचं भांडण चाललंय, आणि पाण्याचं कोणी बोललं नाही. सोलापुरात घराचं काँक्रीट बिघडतं ते बहुतेक पाण्यापायी. एकदा मिक्सरमध्ये जास्त पडतं म्हणून, आणि नंतर स्लॅबवर कमी पडतं म्हणून.

50 किलोच्या पोत्याला साधारण 25 ते 27 लिटर पाणी, त्यात वाळूतला ओलावाही धरायचा. मिश्रण पातळ केलं की ओतायला सोपं जातं, म्हणून बिगारी बादली वाढवतो. ताकद तिथेच जाते. मग स्लॅबच्या तळाला भोकांची जाळी पडते, सळई उघडी दिसते, आणि वरून सिमेंटचा हात फिरवून ती झाकली जाते. मिक्सरजवळ मापाचा डबा आणि एक माणूस उभा करा, व्हायब्रेटर (काँक्रीट हलवून घट्ट बसवणारं यंत्र) दोन ठेवा. एक बंद पडला तर काम अडू नये.

दुसरं क्युरिंग, म्हणजे काँक्रीट ओलं ठेवणं. आयएस 456 या काँक्रीटच्या भारतीय मानकाप्रमाणे साध्या सिमेंटला किमान 7 दिवस, पण कोरड्या आणि उष्ण हवेत 10. पीपीसी (राख वगैरे मिसळलेलं) सिमेंट वापरत असाल, आणि हल्ली बहुतेक घरांना तेच असतं, तर 14 दिवस धरा. एप्रिल-मेमध्ये आपल्याकडे पारा 42-43 च्या पुढे जातो. स्लॅबवर आळी करून पाणी साठवता येतं. कॉलम आणि बीमच्या उभ्या बाजूंवर ते टिकत नाही, तिथे गोणपाट गुंडाळून ओलं ठेवावं लागतं, आणि नेमकं तेच कोणी करत नाही. सकाळ-संध्याकाळ पाइप मारून गेले की क्युरिंग झालं असं समजतात. मधल्या वेळेत कॉलम पांढरा कोरडा पडलेला असतो.

आता हे पाणी येणार कुठून? उजनी धरणाची लाइन असली तरी शहराला नळ काही दिवसांच्या अंतरानं येतो. त्यामुळे बोअर किंवा टँकर. बोअरचं पाणी खारं असेल तर आधी तपासून घ्या. आरसीसीच्या पाण्यात क्लोराइड लिटरला 500 मिलिग्रॅमच्या वर नको, सळई गंजते. स्लॅब ठरवण्याआधी साइटवर पाण्याची टाकी बांधा. कंत्राट कसलंही असो, टँकरचे पैसे कोणाचे हे लेखी ठरवा, नाहीतर कंत्राटदार पाण्यातच काटकसर करणार.

मिस्त्री, शेळगी

मालक, एक बोलू का? बापापासून हेच काम करतो आम्ही. मालक रोज साइटवर आला की काम चांगलं होतंय, हे काही खरं नाही. सळई बांधून झाल्यावर येत्यात आणि म्हणत्यात, हा कॉलम गाडीला आडवा येतोय, फूटभर इकडं घ्या. कॉलम खाली फूटिंगवर हाय, वर बीम त्याच्यावर बसणार हाय, सरकवायचा कसा? नाही म्हणलं तर मिस्त्री उद्धट. हो म्हणलं तर उद्या भेग आमच्या नावावर.

मजुरीवर काम घेतलं की मालकाला वाटतंय सगळंच आपल्या हातात आलं. निम्मं मटेरियल येतंय, निम्मं येत नाही. बारबेंडर म्हणजे सळई बांधणारा बसून, सेंटरिंगवाला बसून, त्यांचा रोज कोण देणार? स्लॅबच्या दिवशी खडी संपली तर काँक्रीट अर्ध्यावर थांबतंय, आणि जोड पडतोय नको त्या जागी. नकाशा पक्का करून द्या, आणि फूटिंग, सळई, स्लॅब ह्या तीन वेळेला तुमचा इंजिनिअर घेऊन या. बाकी दिवस आम्हाला काम करू द्या.

विजापूर रोड

मिस्त्री, कॉलमचं शंभर टक्के मान्य. सळईचा नकाशा निघाल्यावर मालकानं तोंड घालू नये. पण मला उलटी बाजूही सांगा. सेंटरिंगच्या प्लेटांना भाडं असतं, पुढची साइट वाट बघत असते, मग टेकू लवकर निघतात की नाही? साडेचार मीटरपर्यंतच्या स्लॅबखालचे टेकू 7 दिवस, त्याहून मोठ्या गाळ्याला 14, बीमखालचे किमान 14. हे मालकानं मोजलं नाही तर कोण मोजणार?

आणि होटगी रोड, 'टप्पा पास' हे तुमचे शब्द. पास करणार कोण? कंत्राटदारानं आणलेलाच इंजिनिअर सही करत असेल तर तुमच्या हप्त्यांना काय अर्थ राहतो?

मिस्त्री, शेळगी

टेकूचं तुमचं बरोबर हाय. भाड्यापायी काढत्यात. तारीख स्लॅबच्या बाजूला खडूनं लिहून ठेवा, कुणी हात लावत नाही.

अक्कलकोट रोड, सध्या पुणे

आई-बाबांचं घर मी पुण्यातून बांधून घेतलं, त्यामुळे या वादात माझी बाजू तिसरी आहे. आरसीसी पूर्ण कंत्राटात दिलं तर चालतं, कारण त्याला नकाशा असतो, मापं असतात, इंजिनिअर सळया मोजून सांगू शकतो. घोळ होतो बाहेरच्या कामात. त्याचा नकाशा कोणी काढतच नाही.

विटा आणि काँक्रीटच्या सांध्यावर प्लास्टरआधी तारेची जाळी मारली का? नाही मारली तर बीमच्या खाली सरळ आडवी भेग येते, रंग कितीही चांगला असो. बाहेरचं प्लास्टर दोन हातांत झालं का, की एकाच जाड थरात उरकलं? छज्जाच्या खालच्या कडेला पाणी तुटायला खाच ठेवली का? नसेल तर पावसाचं पाणी छज्जाच्या पोटाखालून सरकत भिंतीवर येतं. पॅरापेटच्या (गच्चीच्या कठड्याच्या) माथ्याला उतार आतल्या बाजूला दिला का? 'सोलापुरात पाऊसच कुठं पडतो' म्हणून हे सगळं सोडून देतात. पण आपला जोराचा पाऊस सप्टेंबरात येतो, उन्हानं तडकलेल्या भिंतींवर.

आणि पश्चिमेची भिंत! दादा, तिच्याबद्दल करारात एक ओळ तरी लिहा. दुपारी तीनपासून सूर्य बुडेपर्यंत ती तापते आणि रात्रभर खोलीत उष्णता सोडते. जिना, बाथरूम, कपाटं त्या बाजूला घ्या, भिंत 9 इंची ठेवा, खिडकीवर छज्जा खोल काढा. हे वीटकामाच्या आधी ठरलं पाहिजे.

बाळीवेस

मुळात कॉलम-बीमचा हट्ट कशाला? आमच्या वाड्याच्या दगडी भिंती दोन फुटी आहेत, मे महिन्यातही आत पंख्यावर झोपता येतं. एकमजली घराला दगड किंवा विटांच्या भारवाही भिंती पुरेशा आहेत. सळईचा खर्च वाचतो आणि गावातला दगड गावात लागतो.

निवृत्त अभियंता

थंडाव्याबद्दल तुमचं बरोबर. पण 30 सप्टेंबर 1993 च्या पहाटे किल्लारीला भूकंपात जे झालं ते आपल्या शेजारचंच आहे. मातीत रचलेल्या जाड दगडी भिंती, वर मातीचं जड धाबं. भिंतीचे आतले-बाहेरचे दोन थर एकमेकांपासून सुटले आणि माणसं झोपेत गाडली गेली. दगड वाईट नव्हता, बांधणी वाईट होती. दगडीच बांधायचं तर सिमेंटचा मसाला, दोन्ही थर बांधणारे आरपार दगड आणि लिंटेलच्या (दारं-खिडक्यांवरच्या आडव्या तुळईच्या) उंचीला घरभर सलग आरसीसी पट्टा, एवढं हवंच. आणि काळ्या मातीत भिंतीखालचा पाया सलग मुरमापर्यंत न्यावा लागतो, त्यामुळे वाचलेला पैसा बराचसा तिथे जातो. धागाकर्त्यांना तर वर मजला हवाय. त्यांनी आरसीसीच करावं, रिंगांचे (उभ्या सळयांभोवतीच्या कड्यांचे) हूक 135 अंशात आत वळवलेत ना, हे मात्र बघावं. 90 अंशाचा हूक धक्क्यात उघडतो.

होटगी रोड

विजापूर रोड, इंजिनिअर मालकाचा असावा हे मान्य करतो. तो कंत्राटातही ठेवता येतो, त्यासाठी मजुरीवर जायला नको. आता तुम्ही सांगा. क्यूब टेस्ट (काँक्रीटच्या ठोकळ्यांची ताकद-चाचणी) फेल आली, मटेरियल तुमचं, मजुरी त्यांची. स्लॅब तोडायचा खर्च कोणाचा?

विजापूर रोड

मिक्सरवर पाणी कोणी घातलं याची नोंद माझ्या माणसाच्या वहीत असेल. प्रमाण बिघडवलं असेल तर मजुरीवाल्याचा, सिमेंट खराब निघालं तर माझा. तसं करारात लिहिणार आहे.

निवृत्त अभियंता

क्यूब फेल आले म्हणून लगेच स्लॅब तोडत नाहीत. आधी कोअर, म्हणजे तयार स्लॅबमधून भोक पाडून काढलेले नमुने, काढतात. कोअरची सरासरी अपेक्षित ताकदीच्या 85 टक्के असली आणि एकही 75 च्या खाली नसला तर काँक्रीट स्वीकारतात. तुमच्या स्लॅबला 12-15 घनमीटर लागेल, म्हणजे दोन नमुने, सहा क्यूब. भरताना घेतले नाहीत तर नंतर कोणाच्याच वहीला पुरावा राहत नाही.

होटगी रोड

वहीवर मिस्त्रीची रोज सही घेणार असाल तर बोला. नाहीतर मी अजूनही म्हणतो, एकाच माणसाला धरा.