राकुगो: नावाचा अर्थ, उगम आणि ‘तोकिसोबा’ मराठीत बसवताना

मुठाकाठ

पुण्यात जपानी शिकणाऱ्यांच्या एका छोट्या कार्यक्रमात राकुगोची (एकट्याने, बसून सादर करायच्या जपानी विनोदी कथाकथनाची) एक गोष्ट मराठीतून करायची आहे. निम्म्या प्रेक्षकांना जपानी येत नाही. वेळ 15 मिनिटं, गोष्ट ‘तोकिसोबा’. सुरुवातीला दोन-चार वाक्यांत ओळख करून द्यायची आहे आणि तिथेच गाडी अडली आहे. एके ठिकाणी वाचलं की राकुगो बौद्ध भिक्षूंनी सुरू केला, दुसरीकडे श्रेय ओसाकाच्या रस्त्यावरच्या कलाकारांना दिलंय, तिसरीकडे एदोतल्या (म्हणजे आजच्या तोक्योतल्या) नाट्यगृहांना. खरं काय? ‘पडलेले शब्द’ हा अर्थ बरोबर आहे का? क्योगेन आणि मान्झाइ या दुसऱ्या जपानी विनोदी प्रकारांशी गल्लत होऊ नये म्हणून काय सांगावं? आणि त्या गोष्टीतला ‘नऊ वाजले’ हा विनोद सरळ आजच्या घड्याळावर आणला तर चालेल का?

अडकित्ता

तिन्ही उत्तरं बरोबर आहेत, फक्त ती वेगवेगळ्या काळांची आहेत.

आधी नाव. ‘राकु’ म्हणजे पडणे, ‘गो’ म्हणजे बोल. पण इथे पडते ती गोष्ट. शेवटच्या ज्या वाक्यावर ती संपते त्याला ‘ओचि’ म्हणतात आणि त्या शब्दातही तेच पडणं आहे. (‘सागे’ हाही शब्द चालतो.) जुनं नाव ‘ओतोशिबानाशि’, म्हणजे शेवटी पाडलेली गोष्ट, त्याही आधी ‘कारुकुचि’. ‘राकुगो’ हे नाव सर्रास रुळलं ते मेइजी काळात, म्हणजे 1868 नंतर. त्यामुळे ‘पडलेले शब्द’ म्हणून सोडून दिलंत तर प्रेक्षकांच्या हाती काहीच लागणार नाही. ‘शेवटच्या एका वाक्यावर कोसळणारी गोष्ट’ म्हणा.

आता भिक्षू. आन्राकुआन साकुदेन (1554–1642) हे जोदो या बौद्ध पंथाचे, क्योतोच्या सेइगान-जी मंदिराचे प्रमुख. प्रवचनाला बसलेल्या लोकांना डुलकी लागू नये म्हणून सांगायच्या विनोदी गोष्टी त्यांनी गोळा केल्या: आठ खंड, सुमारे हजार किस्से. संग्रह 1623 मध्ये पुरा झाला आणि 1628 मध्ये क्योतोच्या शोगुनशाही प्रशासकाला भेट दिला गेला. त्याचं नावच ‘सेइसुइशो’, झोप उडवणारं हसू. ‘हिराबायाशि’ ही गोष्ट आजही सादर होते, तिचं मूळ यातच आहे. एका निरक्षर पोऱ्याला पत्रावरचं आडनाव वाचता येत नाही. वाटेत भेटणारा प्रत्येक जण तीच चित्रलिपी वेगळ्या उच्चाराने वाचून दाखवतो. कलाकार ज्या उंच बैठकीवर बसतो ती ‘कोझा’, हा शब्दही प्रवचनकाराच्या आसनावरूनच आला.

पण साकुदेन पैसे घेऊन गोष्टी सांगणारे कलाकार नव्हते. तो धंदा पन्नासेक वर्षांनी सुरू झाला, आणि तीन शहरांत साधारण एकाच सुमारास: क्योतोत त्सुयु नो गोरोबेइ (मृत्यू 1703), ओसाकात योनेझावा हिकोहाचि (मृत्यू 1714), एदोत शिकानो बुझाएमोन (1649–1699). गोरोबेइ आधी निचिरेन या बौद्ध पंथाचा प्रवचनकार होता, म्हणजे मंदिराचा धागा तुटलेला नाही. हिकोहाचि ओसाकाच्या इकुतामा देवस्थानाच्या आवारात मांडव टाकून बसायचा. तिथे अजून दर सप्टेंबरात त्याच्या नावाची जत्रा भरते. बुझाएमोन मात्र बंद दिवाणखान्यात, हातवारे करत सांगायचा. त्याचा शेवट वाईट झाला. बोलणाऱ्या घोड्याने साथीचं भाकीत केलं अशी अफवा एदोत उठवली गेली. ती उठवणाऱ्यांनी ‘कल्पना बुझाएमोनच्या गोष्टीवरून सुचली’ असं सांगितलं आणि त्याची रवानगी इझु-ओशिमा बेटावर झाली. त्यानंतर एदोत हा प्रकार जवळजवळ शंभर वर्षं थंड होता. 1786 मध्ये उतेइ एन्बाने गोष्टींच्या बैठका सुरू केल्या, आणि 1798 मध्ये सान्शोतेइ काराकुने शितायाच्या इनारी देवळात तिकीट लावून प्रयोग केला. एदोतल्या ‘योसे’ची, म्हणजे राकुगोच्या कायम थिएटरांची, सुरुवात तिथून धरतात.

जुनी वही

अडकित्ता यांनी रस्ता आणि दिवाणखाना हा फरक ओझरता सांगितला, पण आजच्या दोन शैली त्यातूनच निघाल्या आहेत.

ओसाका-क्योतोकडच्या (कामिगाता) कलाकाराला येणारा-जाणारा माणूस थांबवायचा असे. म्हणून समोर ‘केन्दाइ’ हे छोटं मेज, त्यावर आपटायला ‘कोब्योशि’ हा लाकडी ठोकळा, गुडघे झाकायला ‘हिझाकाकुशि’ ही बुटकी फळी. गोष्ट चालू असताना मध्येच शामिसेन (तंतुवाद्य) आणि ढोल वाजतात, त्याला ‘हामेमोनो’ म्हणतात. एदोत प्रेक्षक आत येऊन बसलेलाच असे, त्यामुळे तिथे पंखा आणि रुमाल एवढ्यावर भागलं. कलाकार येताना वाजणारं संगीतही तोक्योने कामिगाताकडूनच उचललं, तेही विसाव्या शतकात.

पदांचंही तसंच. तोक्योत झेन्झा, मग फुतात्सुमे, मग शिन्-उचि. झेन्झाला साधारण तीन ते पाच वर्षं: चहा देणं, किमोनोंच्या घड्या घालणं, ढोल वाजवणं, दोन कलाकारांच्या मध्ये झाबुतोन (बसायची गादी) उलटणं आणि नावाची पाटी पालटणं. तोवर अंगात हाओरी (किमोनोवरचं जाकीट) घालायची मुभा नाही. फुतात्सुमे म्हणून आणखी दहाएक वर्षं. शिन्-उचि म्हणजे कार्यक्रमाचा शेवट करू शकणारा; सगळ्यात शेवटी मेणबत्तीची वात तो विझवायचा म्हणून हे नाव, अशी एक व्युत्पत्ती सांगतात. ओसाकात ही उतरंड आज नाही.

क्योगेन आणि मान्झाइचं थोडक्यात: क्योगेन हे ‘नो’ या जुन्या जपानी नाट्यप्रकाराच्या जोडीने चौदाव्या शतकापासून घडलं. त्यात पात्रागणिक वेगळा नट असतो आणि तो उभा राहून, चालून काम करतो. मान्झाइ म्हणजे दोघांची बोलाचाली. मूळ नववर्षाला दारोदार आशीर्वाद देत फिरणाऱ्या जोडीत, आजचं सूटबूटातलं रूप 1930 च्या दशकातल्या ओसाकाचं. राकुगोचा खरा जवळचा नातेवाईक ‘कोदान’. तोही एकट्याने, बसून. पण त्यात लढायांचं आणि वीरांचं कथन असतं आणि मेजावर पंखा आपटत ते रेटलं जातं. राकुगोत निवेदन जवळजवळ नसतंच, सगळा संवाद. मराठीत भाषांतर करताना पहिली कात्री इथेच लावा: ‘मग तो म्हणाला’, ‘त्यावर दुकानदार म्हणाला’ हे सगळं उडवा.

जाता जाता: ‘निरागस जुना विनोद’ अशी ओळख मात्र करून देऊ नका. 1941 मध्ये, युद्धकाळात, कलाकारांनी स्वतःच 53 गोष्टी (वेश्यावस्ती, अनैतिक संबंध वगैरे) वर्ज्य ठरवल्या आणि आसाकुसाच्या होन्पो-जी मंदिरात त्यांची समाधी बांधली. 1946 मध्ये त्या परत बाहेर आल्या. समाधीचा दगड आजही तिथे आहे.

मुठाकाठ

फार कामाचं. आता घड्याळाचं सांगा कोणीतरी. नऊ, आठ हे आकडे तर आपल्याकडेही तेच आहेत. सरळ ‘रात्रीचे नऊ वाजले’ केलं तर?

शेवटचा बाक

करू नका, गणित बसत नाही. मांडून बघा.

सोब्याचा (रश्शातल्या शेवयांचा) वाडगा 16 मोनचा; मोन म्हणजे तेव्हाचं सुटं नाणं. पहिला गिऱ्हाईक सुटी नाणी एकेक करत विक्रेत्याच्या हातात मोजतो: एक, दोन, … आठ. ‘काय हो, वाजले किती?’ ‘नऊ.’ ‘दहा, अकरा, … सोळा.’ हातात पडली 8 अधिक 7, म्हणजे 15 नाणी. एक मोन वाचला. इथपर्यंत मराठीत काही अडचण नाही.

हे बघणारा भोळसट दुसऱ्या रात्री उतावीळपणे जरा लवकर निघतो. आठपर्यंत मोजतो, वेळ विचारतो, उत्तर येतं ‘चार’, आणि तो पुढे ‘पाच, सहा, … सोळा’ मोजतो. 8 अधिक 12, वीस नाणी. चार मोन गेले.

आता हाच माणूस आजच्या घड्याळाप्रमाणे तासभर आधी आला तर? विक्रेता ‘आठ’ म्हणणार, हा ‘नऊ’पासून पुढे मोजणार, आणि 8 अधिक 8 बरोबर सोळा. ना फायदा ना तोटा, गोष्ट जागच्या जागी मेली. सहा वाजता आणलात तर 18 नाणी, म्हणजे दोनच मोनचा तोटा, आणि शिवाय सहाला संध्याकाळ असते, रात्रीचा फिरता विक्रेता नव्हे. चार म्हणवायचं तर भर दुपार.

मूळ गोष्ट चालते ती एदोच्या घंटांमुळे. मध्यरात्री नऊ टोले, मग आठ, सात, सहा, पाच, चार असे उतरत जाऊन दुपारी पुन्हा नऊ; तिथून परत उतरत चारपर्यंत. एक टप्पा आपल्या सुमारे दोन तासांचा, ऋतूप्रमाणे कमीजास्त. म्हणजे मध्यरात्रीच्या ‘नऊ’च्या लगेच आधीचा टप्पा ‘चार’ असतो. माणूस थोडासाच लवकर येतो आणि आकडा मात्र पाचाने घसरतो. विनोद त्या घसरणीत आहे.

म्हणून घंटा तशाच ठेवा आणि त्यांची माहिती ‘माकुरा’त पेरा. माकुरा म्हणजे गोष्टीआधीचं मोकळं बोलणं; शब्दशः ‘उशी’. ओचि समजायला लागणारी सामग्री प्रेक्षकांच्या नकळत आधी देऊन ठेवणं हे त्याचं एक मोठं काम, त्याला ‘शिकोमि’ म्हणतात. कीर्तनातल्या पूर्वरंगाशी तुलना करायचा मोह होईल, पण पूर्वरंग सिद्धांत उघड मांडतो, माकुरा माल लपवून ठेवतो. घंटांचं कोष्टक सांगत बसलात तर प्रेक्षक परीक्षेला बसल्यासारखे होतील. जुन्या जपानात वेळ विचारणं किती कटकटीचं, यावर एखादी टवाळी करा आणि ‘चार वाजले की पुढे नऊ!’ हे वाक्य त्यात दोनदा येऊ द्या. 16 मोन ही किंमतही तिथेच: ‘निहाचि’ म्हणजे दोन-आठ, दोन आठे सोळा, अशा पाट्याच असत. 15 मिनिटांत माकुराला तीन-साडेतीनपेक्षा जास्त देऊ नका. मूळ गोष्ट सुरू करताना हाओरी उतरवतात. तुम्ही जाकीट घालून बसणार असाल तर तेच उतरवा.

अडकित्ता

शेवटचा बाक यांना पूर्ण अनुमोदन. या गोष्टीचं ओसाकातलं मूळ रूप ‘तोकिउदोन’ आहे. मेइजी काळात तिसऱ्या यानागिया कोसानने ती तोक्योत नेली आणि उदोनच्या (जाड शेवयांच्या) सोबा झाल्या. ओसाकाच्या रूपात दोन मित्र असतात आणि दोघांची मिळून नाणी मुळात 15 च भरतात, त्यामुळे लबाडीला कारण मिळतं. दुसऱ्या रात्री त्यातला बावळट एकटाच येतो आणि आदल्या रात्रीचे दोघांचे संवाद एकटाच म्हणत बसतो, ‘अरे ओढू नकोस’ वगैरे. विक्रेता घाबरून बघत राहतो. मराठी प्रेक्षकांना हे रूप जास्त पोट धरून हसवेल असं माझं मत, पण पहिल्यांदाच करणाऱ्याला तीन पात्रं पेलणं कठीण.

शेवटचा बाक

हो, पहिल्या वेळी दोनच पात्रं ठेवा. आणि ती मानेने वेगळी करायची, आवाज बदलून नव्हे. प्रेक्षकांच्या उजवीकडची बाजू ‘कामि’, डावीकडची ‘शिमो’. मानाचा किंवा घरचा माणूस कामिला बसलेला मानतात, बाहेरून येणारा शिमोकडून येतो. म्हणजे आलेला पाहुणा बोलताना तुमची मान तुमच्या डावीकडे, घरमालक बोलताना उजवीकडे. थोडंसंच वळायचं, पूर्ण आडवे वळलात तर अर्ध्या प्रेक्षकांना फक्त कान दिसतो. या गोष्टीत घर नाही, त्यामुळे विक्रेता कुठे हे तुम्ही ठरवा, पण एकदा ठरलं की अदलाबदल नको. दुसऱ्या रात्रीचा विक्रेता वेगळा आहे, तरी दिशा तीच ठेवा. नवशिके नेमके नाणी मोजताना दिशा विसरतात, कारण लक्ष आकड्यांवर असतं.

खाणं दोनदा आहे आणि दोन्ही वेळा वेगळं दिसलं पाहिजे. पंखा मिटलेला, उजव्या हातात खायच्या काड्यांसारखा. डावा तळवा वाडग्याखाली असल्यासारखा गोल. पहिल्या रात्री सगळं उत्तम: नव्या, न फोडलेल्या काड्या, रस्सा चवदार, शेवया बारीक आणि कडक, चिकुवा (माशाची वडी) जाड कापलेली. इथे भुरका छोटा, झटपट, सलग. दुसऱ्या रात्री त्याच क्रमाने सगळं वाईट: काड्या आधीच कोणीतरी वापरलेल्या, वाडग्याचा काठ फुटका, शेवया जाड नि गिचका, चिकुवा इतकी पातळ की सापडत नाही. क्रम बदलू नका. पुढे काय येणार हे प्रेक्षकांना आधीच कळतं, त्याचीच मजा आहे. चुकतं ते हे: बोलता बोलता डावा हात मिटतो आणि वाडगा कपाएवढा होतो, किंवा वाडगा खाली न ठेवताच माणूस पैसे मोजायला लागतो. ठेवायची कृती मुद्दाम दाखवा.

आकडे दोन्ही वेळा त्याच लयीत म्हणा. ‘वाजले किती’ हा प्रश्न लय न मोडता मध्ये घुसला पाहिजे. थांबून विचारलात की चोरी उघडी पडते आणि विक्रेता मूर्ख वाटू लागतो.

मुठाकाठ

शेवटचं: सामानाचं काय? आणि 15 मिनिटं वज्रासन...

जुनी वही

पंखा साधा, बिनचित्राचा, 22-23 सेंमीचा. त्यावर फुजी पर्वत वगैरे असेल तर तो काड्या होत नाही, पंखाच राहतो. तेनुगुइ म्हणजे साधारण 35 बाय 90 सेंमीचं सुती कापड; साधा पंचा त्या मापाचा कापून घेतला तरी चालेल, टर्किश टॉवेल नको. या गोष्टीत तेनुगुइ पैशाच्या बटव्यासाठी वापरता येईल. बैठक टेबलावर करा, नाहीतर तिसऱ्या रांगेपासून पुढे हात दिसत नाहीत. टेबल हलतं का ते आधी बघा. गादीला तीन बाजूंना शिवण असते आणि एका बाजूला नसते. बिनशिवणीची बाजू प्रेक्षकांकडे.

पायांना मुंग्या येणारच. माकुरा चालू असताना वजन थोडं पुढे घ्या, दोन्ही अंगठे एकावर एक ठेवा आणि मधूनमधून वरखाली बदला. ‘वीस’ हा आकडा तोंडाने उच्चारू नका, भोळसटाला ‘सोळा’वरच थांबवा, हिशोब प्रेक्षकांना करू द्या. मग लगेच नमस्कारासाठी वाका, आणि उठायची घाई करू नका. पडदा नसेल तर कोणाला तरी दिवे मालवायला सांगून ठेवा.